उतारावर गाडी कोण धरतं?

आमच्या सोसायटीच्या फाटकाशी सिमेंटची एक वीट पडलेली असते. ज्यांना तळघरात जागा मिळाली नाही अशा तीन-चार गाड्या फाटकाबाहेरच्या चढावर लागतात, आणि ती वीट रात्रपाळीच्या वॉचमनकाकांनी त्यांच्यासाठी राखलेली आहे. मी पहिल्यांदा तिथे गाडी लावली तेव्हा काका वीट घेऊन मागच्या चाकाशी वाकले. मी म्हणालो, "काका, हँडब्रेक ओढलाय." काका मान वर न करताच म्हणाले, "ओढला आसंल की साहेब. पण त्यो रातभर जागा ऱ्हातोय व्हय?"

तेव्हा मी हसलो. पुढे या विषयात शिरलो तेव्हा कळलं की काकांनी नेमक्या जागी बोट ठेवलं होतं. चढावर गाडी लावण्याविषयी जे सांगितलं जातं ते बहुतेक गाडीतून उतरण्याच्या घटकेपुरतं असतं. गाडी घरंगळते ती बऱ्याचदा नंतर, मालक मिसळीची वाट बघत बसलेला असताना किंवा अंथरुणात. तेव्हा हँडब्रेक, गिअर, वळवलेली चाकं, दगड यांतल्या प्रत्येकाला काकांचाच प्रश्न विचारत जावं असं ठरवलं.

आधी ओढ किती असते ते पाहू. हजार किलोची गाडी दहाला एक अशा चढावर उभी आहे, म्हणजे दहा मीटर पुढे गेलं की एक मीटर उंची वाढते. तिला खाली ओढणारा जोर साधारण १०० किलो वजनाइतका. चढ पाचाला एक झाला की तोच जोर १९५ किलोच्या घरात. डांबरी रस्त्यावर टायर स्वतःहून जो विरोध करतो तो जेमतेम शंभराला एक-दीड चढ पेलण्याइतका. म्हणजे डोळ्याला सपाट वाटणारा रस्ता शंभराला दोनने उतरत असेल तर न्यूट्रलमधली गाडी निघाली म्हणून समजा. दहाला एक उतारावर सुटलेली गाडी पहिला मीटर दीड सेकंदात ओलांडते आणि वीस मीटरवर तिचा वेग ताशी २० किलोमीटर झालेला असतो. सगळा खेळ सात सेकंदांचा. त्या सात सेकंदांत मागे धावून बॉनेटला खांदा लावणारे लोक असतात. एक टन लोखंड माणसाच्या खांद्याने थांबत नाही. अशा वेळी ओरडून खालच्यांना बाजूला करावं, गाडीचं जे व्हायचं ते होऊ द्यावं.

घाट म्हटलं की आपल्याला उतार आठवतो, पण इंडियन रोड्स काँग्रेसचे निकष डोंगरी रस्त्याला साधारण पाच-सहा टक्क्यांचा चढ योग्य मानतात आणि अगदीच नाइलाज असेल तर सात-आठपर्यंत जाऊ देतात. आपल्या इमारतींचे तळघरात उतरणारे रॅम्प याच्या किती तरी पुढे असतात. घाटात सावध असणारा माणूस घरच्या रॅम्पवर मात्र फोन कानाला लावून उतरतो.

आता हँडब्रेक. दांडा ओढला की एक पोलादी केबल ताणली जाते आणि मागच्या दोन चाकांचे ब्रेक आवळले जातात. दांड्याखाली दातेरी पट्टी असते, ती टिकटिक तिचीच. या ब्रेकने किती धरावं याचे नियम आहेत. युरोपात आणि इतरत्र चालणारा संयुक्त राष्ट्रांचा नियम म्हणतो की भरलेली मोटार २० टक्के चढावर आणि उतारावर उभी राहिली पाहिजे. अमेरिकी मानकातही उतार २० टक्केच आहे, आणि तिथे वेळही दिली आहे: पाच मिनिटं. पाच मिनिटं धरला की पास. रातभर जागा राहतो का, हे कुणी विचारलेलंच नाही!

अर्थात चांगल्या स्थितीतला हँडब्रेक पाच मिनिटांनंतर सोडून देतो असं नाही. पण केबल वर्षागणिक ताणते, शू झिजतात आणि दांडा हळूहळू जास्त वर येऊ लागतो. हा बदल इतका सावकाश होतो की मालकाला कळत नाही. उसनी गाडी घेऊन गेलेला मेहुणा मात्र पहिल्याच दिवशी विचारतो, "भाऊजी, हा दांडा छतापर्यंत येतो काय?"

याहून चकवणारी गोष्ट उष्णतेची. डिस्क ब्रेकमध्ये फिरणाऱ्या चकतीला दोन बाजूंनी पॅड चिमटीत धरतात. घाट उतरून आलं की चकती तापून किंचित जाड झालेली असते. त्या क्षणी हँडब्रेक ओढला तर चिमटी घट्ट बसते, गाडी हलत नाही, आपण निर्धास्त उतरतो. पुढच्या अर्ध्या तासात चकती निवते, आकसते आणि चिमटी सैल पडते. माझ्या गाडीला मागेही डिस्क आहेत. पाचगणीहून पसरणी घाटाने वाईकडे उतरताना अध्येमध्ये थांबून धोम धरणाचं पाणी बघत बसलो होतो. परत आलो तर गाडी वीतभर पुढे सरकून कठड्याला टेकलेली. गिअर टाकला नव्हता, हँडब्रेक ओढलेलाच होता. तिला धक्का कुणी दिला म्हणून मी आजूबाजूच्यांकडे संशयाने बघत राहिलो, ही लाजेची गोष्ट.

मागे ड्रम असलेल्या लहान गाड्यांत प्रकार उलटा होतो. तापलेला ड्रम फुगलेला असतो, शू त्याला आतून दाबतात, आणि ड्रम निवून आकसला की पकड आणखी घट्ट होते. कधी इतकी की सकाळी चाक सुटत नाही. कोकणात पावसाळ्यात आठवडाभर उभ्या गाडीचे शू गंजून ड्रमला चिकटतात, म्हणून तिकडे बरेच जण हँडब्रेक लावतच नाहीत. सपाट अंगणात गिअर आणि दगड एवढ्यावर ते चालून जातं. हीच सवय घेऊन ते चढाच्या गल्लीत येतात तेव्हा अडचण होते.

दुसरा राखणदार गिअर. एंजिन बंद करून गाडी गिअरमध्ये ठेवली की चाकांना फिरायचं असेल तर आधी एंजिन फिरवावं लागतं, आणि सिलिंडरमध्ये कोंडलेली हवा त्याला विरोध करते. तोंड चढाकडे असेल तर पहिला, उताराकडे असेल तर रिव्हर्स, हे सगळे सांगतात. दोन्ही गिअरांत चाकाच्या एका फेऱ्याला एंजिनाला सर्वांत जास्त फेरे घ्यावे लागतात, म्हणून विरोधही सर्वांत जास्त. तोंड उताराकडे असताना रिव्हर्स टाकला की गाडी खाली सरकताना एंजिन उलटं फिरू पाहतं. डिझेल एंजिनात हवा अधिक दाबली जात असल्याने ते पेट्रोलपेक्षा जास्त धरतं. पण कोंडलेली हवा पिस्टनच्या रिंगांमधून हळूहळू निसटते. एक सिलिंडर रिकामा झाला की गाडी बोटभर सरकते आणि पुढच्या सिलिंडरवर टेकते, मग तोही रिकामा होतो. जुन्या, रिंगा झिजलेल्या गाडीत हे सरकणं कानाला ऐकू येतं. तेव्हा गिअरही रातभर जागा राहत नाही, डुलक्या घेत राहतो.

गिअरची आणखी एक खोड पावसाळ्यात दिसते. तो दोन्ही चाकांना डिफरन्शियलमधून धरतो. पुढच्या दोन चाकांपैकी एक डांबरावर आणि एक चिखलात असेल, तर चिखलातलं चाक उलटं गरगरतं आणि डांबरावरचं निवांत घरंगळतं. हँडब्रेक मागची दोन्ही चाकं वेगवेगळी धरतो, त्याला ही अडचण नाही. उलट हँडब्रेकची पकड मागच्या चाकांवर वजन किती आहे यावर ठरते, आणि तोंड उताराकडे असलं की वजन पुढे जाऊन मागची चाकं हलकी होतात. आपल्याकडच्या बहुतेक लहान गाड्या पुढच्या चाकांवर चालतात, म्हणजे गिअर पुढून धरतो आणि हँडब्रेक मागून. एकाची लंगडी बाजू दुसरा सांभाळतो. दोन्ही वापरा, असं सांगणाऱ्या ड्रायव्हिंग स्कूलच्या मास्तरांना हे कारण ठाऊक असो नसो, सल्ला अस्सल आहे.

ऑटोमॅटिकवाल्यांचा सगळा विश्वास 'पी'वर. आत एक बोटाएवढी पोलादी खिट्टी दातेरी चाकाच्या खाचेत जाऊन बसते, एवढाच 'पी'चा अर्थ. हवेसारखी ती निसटत नाही, त्यामुळे रात्रभर जागण्यात ती गिअरपेक्षा सरस. पण ब्रेकवर पाय ठेवून थेट 'पी' टाकला आणि पाय काढला की गाडीचं सगळं ओझं त्या खिट्टीवर येतं. सकाळी 'पी'तून काढताना जो 'ठक्क' आवाज येतो तो त्या ओझ्याचा. योग्य क्रम असा: पायाचा ब्रेक, मग न्यूट्रल, मग हँडब्रेक, मग पाय हळूच सैल सोडून गाडीला हँडब्रेकवर बसू द्यायचं, आणि ती बसली की पुन्हा ब्रेक दाबून 'पी'. मॅन्युअलमध्येही क्रम हाच, 'पी'च्या जागी गिअर.

आपल्याकडे या दोहोंच्या मधली एक जात आहे. २०१४मध्ये मारुतीच्या सेलेरिओपासून भारतात एएमटी गाड्या आल्या आणि स्वस्त म्हणून भराभर पसरल्या. त्यांना क्लचचं पेडल नसतं आणि दांड्यावर बहुधा 'पी'ही नसतो. गाडी न्यूट्रलमध्ये आणून चावी काढायची सवय असलेला माणूस चढावर तिला फक्त हँडब्रेकच्या हवाली करून जातो. ती खरं तर मॅन्युअलसारखीच, 'डी' किंवा 'आर'मध्ये असताना बंद करायची असते, म्हणजे आतला गिअर अडकलेला राहतो. शोरूममध्ये गाडीच्या चाव्यांबरोबर पेढे देतात, हे मात्र क्वचितच कुणी सांगतं.

'पी' आहे असं वाटणं आणि तो खरोखर असणं यातल्या अंतराची किंमत २०१६मध्ये जगाला दिसली. अमेरिकी अभिनेता अँटन येल्चिन जूनमध्ये लॉस एंजेलिसच्या आपल्या घरासमोरच्या तीव्र उतारावर स्वतःच्याच जीप ग्रँड चेरोकीखाली सापडला. गाडी मागे घरंगळत आली आणि तो विटांच्या खांबाशी चेंगरून गेला. वय २७. त्या मॉडेलचा गिअरचा दांडा ढकलला की पुन्हा मधोमध येऊन उभा राहायचा, त्यामुळे गाडी 'पी'त आहे की नाही हे हाताला कळायचं नाही. तशा सुमारे ११ लाख गाड्या कंपनीने दोनच महिन्यांपूर्वी दुरुस्तीसाठी परत बोलावल्या होत्या, त्यांतच ही होती. जुना दांडा खडबडीत होता, पण कुठल्या खाचेत बसलाय ते अंधारातही सांगायचा.

वेळेचा प्रश्न सर्वांत भयंकर रीतीने विचारला गेला तो मोटारीच्या नव्हे, रेल्वेच्या बाबतीत. जुलै २०१३मध्ये कॅनडातल्या क्वेबेक प्रांतात कच्च्या तेलाच्या ७२ टाक्यांची गाडी नाँत गावाजवळ रात्रीपुरती उभी केली होती. उतार फक्त १.२ टक्के. चालकाने काही हँडब्रेक लावले होते, पण ते पुरेसे नव्हते. गाडीला खरं धरून होते एंजिनाच्या हवेवर चालणारे ब्रेक. रात्री एंजिनात आग लागली, अग्निशमन दलाने ती विझवून एंजिन बंद केलं, हवा हळूहळू गळत गेली आणि गाडी सुटली. खालच्या लाक-मेगँटिक गावात ती ताशी १०० किलोमीटरच्या वेगाने रुळावरून उतरली. ४७ माणसं गेली. चालक गाडी सोडून गेला तेव्हा ती नीट उभी होती.

ट्रक आणि एसटीच्या मोठ्या गाड्यांत यावर तोडगा उलट्या विचाराने काढला आहे. त्यांचा पार्किंग ब्रेक भक्कम स्प्रिंग लावते आणि हवा तो सोडवते. हवा गळाली तर ब्रेक लागतो, सुटत नाही. थांब्यावर ड्रायव्हरने खटका ओढल्यावर 'फुस्स' होतं, ती स्प्रिंगला मोकळं करणारी हवा.

नव्या गाड्यांतलं बटण, म्हणजे इलेक्ट्रॉनिक पार्किंग ब्रेक, हे काकांच्या प्रश्नाचं आजवरचं सर्वांत चांगलं उत्तर. मोटर पॅड आवळते आणि वीज गेली तरी आवळलेलीच राहते. शिवाय अनेक गाड्यांत चकती निवल्यावर ती आपणहून पुन्हा एकदा आवळते. पसरणीत मला हेच हवं होतं. पण त्याच गाड्यांतल्या दोन सोयी लोक याच्याशी गल्लत करतात. 'हिल होल्ड' चढावरून निघताना फक्त दोन-तीन सेकंद धरतो. ती कल्पनाही नवी नाही, अमेरिकेतल्या स्टुडबेकर कंपनीने १९३६मध्येच तिरक्या कप्प्यातल्या गोळीने ब्रेकची नळी बंद करणारा हिल होल्डर दिला होता. 'ऑटो होल्ड' सिग्नलपुरता. दोन्ही ड्रायव्हर गाडीत आहे असं धरून चालतात. इलेक्ट्रिक गाडीत तर कोंडायला सिलिंडरच नाहीत, त्यामुळे तिथे पार्किंग ब्रेक किंवा 'पी' एवढाच आधार. गिअरमध्ये ठेवली आहे, हे वाक्य तिथे निरर्थक.

इतका वेळ गाडी सुटू नये म्हणून काय करायचं ते पाहिलं. चाकं वळवून ठेवणं हा सुटलीच तर कुठे जाईल हे ठरवण्याचा उपाय आहे, आणि मला तो सर्वांत शहाणा वाटतो. सॅन फ्रान्सिस्कोत फिल्बर्ट स्ट्रीटचा एक तुकडा ३१.५ टक्के चढाचा आहे. तिथे तीन टक्क्यांहून जास्त उतारावर चाकं पदपथाच्या कडेला भिडवून ठेवली नाहीत तर दंड होतो. ब्रिटनच्या हायवे कोडचा २५२वा नियमही तेच सांगतो, आणि तिथली वाहतूक आपल्यासारखी डावीकडून असल्याने तो जसाच्या तसा घेता येतो. पदपथ डावीकडे आणि तोंड चढाकडे असेल तर स्टिअरिंग उजवीकडे वळवा. गाडी मागे सरकली तर पुढच्या डाव्या चाकाचा मागचा भाग पदपथाला जाऊन अडतो. तोंड उताराकडे असेल तर स्टिअरिंग डावीकडे, मग चाकाचा पुढचा भाग अडतो. टायर कडेला आधीच हलका टेकवून ठेवला तर उत्तमच, कारण मग गाडीला वेग घ्यायला जागाच उरत नाही. पॉवर स्टिअरिंग असेल तर हे एंजिन बंद करण्याआधी करायचं.

पदपथाची कडाच नसेल तर? परदेशी पुस्तकं म्हणतात, गाडी रस्त्याबाहेर जाईल अशी चाकं वळवा. ती पुस्तकं जिथे लिहिली गेली तिथे रस्त्याबाहेर हिरवळ असते. आपल्याकडे वरंधा किंवा आंबोलीत रस्त्याबाहेर दरी असते! म्हणून घाटातला नियम आपला आपण मांडावा लागतो: गाडी सुटली तर डोंगराला घासली पाहिजे. डोंगर डावीकडे असेल तर तोंड चढाकडे असो वा उताराकडे, स्टिअरिंग डावीकडेच. पुढे घरंगळताना नाक डावीकडे जातं आणि मागे घरंगळताना शेपूट. डावीकडे दरी असेल तर चाकं कुठेही वळवली तरी एकीकडे दरी आणि दुसरीकडे समोरून येणारी एसटी. तिथे गाडी लावायचीच नाही. धबधबा कितीही देखणा असो, पावसात दरीच्या कडेचा मुरूम कितीसं वजन पेलेल हे वरून दिसत नाही.

काकांची वीट, म्हणजे सर्वांत जुना उपाय, यंत्राच्या बाहेरचा. घाटात बैलगाडी थांबली की गाडीवान आधी चाकाला दगड लावायचा. चढावर मालट्रक अडला की किन्नर, म्हणजे क्लीनर, लाकडी ठोकळा घेऊन चालत्या गाडीतून उडी टाकतो, आणि त्याच्या पायांचा वेग पाहून पोटात गोळा येतो. रेल्वेही उभ्या डब्यांना लाकडी पाचरी आणि साखळ्या लावते. दगड तापत नाही, गळत नाही, ताणत नाही. पण तो उताराच्या बाजूने टायरला चिकटून असला पाहिजे. चार बोटं अंतर ठेवलं तर गाडी तेवढ्यात वेग घेऊन त्याच्यावर चढते. नदीतला गोटा घेऊ नये, तो स्वतःच घरंगळतो. विटेपेक्षा पाचर बरी, कारण ती चाकाखाली रुतते आणि वीट घसटत जाते. हे मी काकांना सांगितलं तेव्हा ते म्हणाले, "मग द्या की आणून."

कायद्याची बाजू थोडक्यात. मोटार वाहन कायदा, १९८८चं कलम १२६ सांगतं की चालकाच्या जागी परवानाधारक माणूस नसताना गाडी उभी ठेवायची तर एंजिन बंद आणि ब्रेक लावलेला हवा, किंवा गाडी चुकून चालू पडणार नाही अशी तजवीज हवी. वळणावर आणि टेकाडाच्या माथ्यावर गाडी लावायला वाहतुकीच्या नियमांत मनाई आहे. परवान्याच्या परीक्षेत मात्र चढावर गाडी मागे न सरकता उचलणं तपासतात. भोसरीच्या ट्रॅकवर तेवढ्यासाठी मुद्दाम चढ बांधला आहे. हाफ क्लच घोटून घोटून आपण तो चढ पार करतो. त्याच चढावर गाडी लावून, उतरून, दार बंद करून दाखवा, असं कुणी सांगत नाही.

परत येऊन गाडी काढतानाही बरेच जण चुकतात. बसल्याबरोबर सवयीने क्लच दाबून न्यूट्रल करतात आणि तेव्हाच कळतं की हँडब्रेक रात्रीतून सैल पडलाय, गाडीला गिअरनेच धरलं होतं. चावीला हात लावण्याआधी पाय ब्रेकवर हवा. आणि लहान मुलांना चढावरच्या मॅन्युअल गाडीत 'दोन मिनिटं बस हं' म्हणून सोडू नये. हँडब्रेकचं बटण त्यांच्या अंगठ्यात मावतं.

दगड काढायचा तो एंजिन चालू करून गाडी तसूभर वर घेतल्यावर, बाजूने, चाकाच्या मागे उभं न राहता. आणि काढलेला दगड रस्त्याच्या कडेला टाकायचा. घाटात ट्रक निघून जातो, दगड तिथेच राहतो आणि रात्री एखादा दुचाकीवाला त्याच्यावर आदळतो. आमच्या काकांच्या बाबतीत तो धोका नाही. मी सकाळी गाडी काढली की ते वीट उचलतात आणि मागच्या ओम्नीला लावतात. मी आणून दिलेली रबरी पाचर त्यांच्या खोलीचं दार उघडं ठेवायला कामी येते.